बेलापूरचा बुरूज आणि चिमाजी आप्पांचा शब्द



घरातली शाळकरी मुले हल्ली पडद्यावर जपानी सामुराई पाहतात. कमरेला दोन तलवारी, अंगावर लोखंडी पट्ट्यांचे चिलखत, डोक्यावर शिंगांचे शिरस्त्राण. मग जेवायच्या वेळी आजोबांना विचारतात, "आजोबा, आपल्याकडे असे सामुराई होते का हो?" आजोबा म्हणतात, "होते की!" आणि तेवढ्यावर विषय संपतो. कोण होते, कुठले होते, त्यांनी केले काय, हे सांगायला कुणाला सवड नसते. आज आपण तीच सवड काढू.

पण त्याआधी सामुराई सरदार म्हणजे कोण, हे नीट समजून घेतले पाहिजे. जपानात बाराव्या शतकाच्या अखेरीपासून खरी सत्ता लढवय्यांच्या हाती गेली. सम्राट गादीवर असे, पण कारभार शोगुन नावाचा सेनापती पाही. पुढे शोगुनाचीही पकड सैल झाली आणि मुलूखमुलखाचे सरदार आपापल्या जागी राजे होऊन बसले. अशा सरदाराला दाइम्यो म्हणत आणि त्याच्या पदरी जे शिपाई आणि मानकरी असत ते सामुराई.

आता शेतकऱ्याने ध्यानात ठेवावी अशी गोष्ट पुढेच आहे. या सरदारांची मोठाई सोन्यानाण्यावर मोजत नसत, भातावर मोजत. सोळाव्या शतकाच्या अखेरीस तिकडे जमिनीची मोठी मोजणी झाली, तेव्हापासून 'कोकू' हे माप रूढ झाले. एक कोकू म्हणजे सुमारे १८० लिटर तांदूळ, वजनाने दीडशे किलोच्या आसपास. एका माणसाला वर्षभर पुरेल इतका. अमका सरदार केवढा, तर इतक्या कोकूंचा. म्हणजे तलवार सरदाराच्या कमरेला असली तरी तिची धार चिखलात राबणाऱ्या कुणब्याच्या भातावर चाले. तिकडे कोकू, तर आपल्याकडे कोकणात खंडी. माप वेगळे, हिशोब तोच.

अशाच एका सरदाराचे नाव सांगून ठेवतो, कारण पुढे ते लागणार आहे. ताकेदा शिंगेन. जन्म १५२१, मृत्यू १५७३. काई नावाचा त्याचा प्रांत चहूकडून डोंगरांनी वेढलेला, समुद्राचा कुठे स्पर्श नाही. १५४१ साली या गृहस्थाने आपल्या सख्ख्या बापाला प्रांताबाहेर घालवले आणि सत्ता हाती घेतली. शेजारचा उएसुगी केनशिन हा त्याचा हाडवैरी. १५५३ ते १५६४ या काळात दोघे एकाच मैदानावर पाच वेळा समोरासमोर आले. असा हा शिंगेन. त्याला इथेच थांबवू आणि आपल्या घरी येऊ.

खाडीवरचा बुरूज

ठाण्याच्या खाडीला पनवेलची खाडी जिथे येऊन मिळते, तिथे बेलापूर आहे. आज लोक त्याला सीबीडी बेलापूर म्हणतात. कोकण भवन, सिडकोची कचेरी, महापालिकेचे मुख्यालय, बँका, उंच इमारती असा सगळा सरकारी आणि व्यापारी थाट. पण त्याच गर्दीत किल्ले गावठाण नावाची वस्ती आहे. नावात किल्ला आहे, कारण शेजारच्या टेकाडावर खराच किल्ला होता. आज तिथे एखादा बुरूज, थोडी तटबंदी आणि झाडोरा एवढेच उरले आहे.

किल्ला लहान, पण जागा मोक्याची. खाडीतून पनवेलकडे जाणारे प्रत्येक गलबत या टेकाडावरून दिसे. घाटावरचा माल पनवेलला उतरे आणि तिथून पाण्याने मुंबई-साष्टीकडे जाई. ज्याच्या हाती बेलापूर, त्याच्या हाती त्या वाटेची कडी. म्हणून जंजिऱ्याचे सिद्दी आणि पोर्तुगीज, म्हणजे आपले फिरंगी, या दोघांत या ठाण्यासाठी खेचाखेच चाले. पोर्तुगीज या जागेला शाबाज म्हणत. शहाबाज नावाचे गाव आजही बेलापुरात आहे.

१७३७ साली हे ठाणे मराठ्यांच्या हाती आले. त्याची एक कथा तिकडे सांगतात. किल्ला मिळाला तर जवळच्या अमृतेश्वर महादेवाला बेलाच्या पानांची माळ वाहीन, असा नवस चिमाजी आप्पांनी केला होता. किल्ला मिळाला, नवस फेडला आणि बेलावरून नाव पडले बेलापूर. कथा खरी की लोकांनी मागाहून रचलेली, याचा वाद विद्वानांनी घालावा. आपण एवढेच पाहू की लोकांनी ही कथा जपली ती कशाची? लढाईची नाही, तलवारबाजीची नाही. बोललेला शब्द पाळल्याची. ज्या माणसाविषयी अशी कथा टिकते, तो माणूस कसा होता, हे पाहण्यासारखे आहे.

दोन भाऊ

चिमाजी बल्लाळ हे बाळाजी विश्वनाथ पेशव्यांचे धाकटे चिरंजीव आणि थोरल्या बाजीरावांचे पाठचे भाऊ. जन्म १७०७ च्या सुमाराचा. १७२० मध्ये वडील वारले, तेव्हा बाजीराव एकोणीस वर्षांचे आणि आप्पा तेरा वर्षांच्या आसपासचे. शाहू महाराजांनी पेशवेपद थोरल्याला दिले. धाकटा त्याच्या मागे उभा राहिला आणि पुढची वीस वर्षे तसाच उभा राहिला.

वाचकहो, तुमच्या-आमच्या गावात दोन भावांत एका बांधासाठी कोर्टकचेऱ्या होतात. सामाईक विहिरीच्या पाळीवरून बोलणे बंद होते. इथे तर अर्ध्या हिंदुस्थानचा कारभार सामाईक होता. बाजीराव बाहेर धावणार, आप्पांनी पुण्याची आणि साताऱ्याची बाजू सांभाळायची, पैसा उभा करायचा, कर्ज देणाऱ्यांची समजूत घालायची, महाराजांची मर्जी राखायची. आणि वेळ आली की स्वतःही घोड्यावर बसायचे. २९ नोव्हेंबर १७२८ रोजी माळव्यात अमझेऱ्याला मोगलांचा सुभेदार गिरिधर बहादूर आणि त्याचा नातलग दया बहादूर हे दोघेही लढाईत पडले. ती लढाई आप्पांनी जिंकली, तेव्हा त्यांचे वय एकवीस-बावीस.

आणि हे सगळे निरोगी शरीराने केले असे समजू नका. आप्पांची प्रकृती लहानपणापासून तोळामासा. खोकला आणि ताप पाठ सोडत नसे. १७३० साली मुलगा झाला, तोच पुढे पानिपतावर गेलेला सदाशिवरावभाऊ. त्याच्या जन्मानंतर महिनाभरात त्याची आई रखमाबाई वारल्या. पोराला आजी राधाबाईंनी वाढवले आणि बाप मोहिमांवर राहिला.

फिरंगाणातला जाच

आता कोकणात या. वसई, साष्टी, ठाणे, उरण हा पट्टा दोनशे वर्षे पोर्तुगिजांकडे होता. त्याला फिरंगाण म्हणत. जमीन सोन्यासारखी. भात, ऊस, केळी, नारळ, मीठ आणि मासळी. पण त्यावर राबणाऱ्या माणसाला सुख नव्हते. धर्माच्या बाबतीत जाच होता आणि करांचा बोजाही होता. १७३० नंतर मराठ्यांची भीती वाटू लागली, तशी फिरंग्यांनी ठाण्याला नवा किल्ला बांधायला घेतला. त्याचा भार कुणावर पडणार? रयतेवरच.

या जाचाला कंटाळलेली दोन माणसे नावानिशी ठाऊक आहेत. मालाडचे अंताजी रघुनाथ कावळे आणि भिवंडीजवळच्या अंजूरचे गंगाजी नाईक. गंगाजी नाईक आणि त्यांचे भाऊ, सगळे अंजूरकर नाईक म्हणून प्रसिद्ध आहेत. त्यांची हकिकत साष्टीच्या बखरीत आली आहे. पेशव्यांकडे जाऊन हा मुलूख सोडवा म्हणून वर्षानुवर्षे विनवणाऱ्यांत ही माणसे होती. खाडीला भरती कधी, ओहोटी कधी, कुठल्या चिखलात पाय रुततो आणि कुठे उतार आहे, रात्री होडी कुठे लावावी, हे घाटावरच्या घोडेस्वाराला काय कळणार? ते या स्थानिक माणसांना ठाऊक होते.

सरदार कितीही शूर असो, जमिनीची ओळख असलेल्या माणसाशिवाय त्याचे पाऊल पुढे पडत नाही. आप्पांनी हे ओळखले. त्यांनी नाईकांसारख्यांना नुसते हेर म्हणून वापरले नाही, मसलतीत घेतले.

त्याआधी दक्षिणेकडचा काटा काढायचा होता. सिद्दी सात नावाचा जंजिऱ्याचा सरदार कोकणात धुमाकूळ घाली. चिपळूणजवळचे परशुरामाचे देवस्थान त्याने १७२७ मध्ये लुटले होते. एप्रिल १७३६ मध्ये रेवसच्या बाजूला आप्पांनी त्याला गाठले आणि त्या लढाईत तो ठार झाला. पाठ मोकळी झाली. मग मार्च १७३७ च्या अखेरीस मराठ्यांच्या फौजा साष्टीत उतरल्या. ठाण्याचा किल्ला अजून अर्धाच बांधून झाला होता, तो हाती आला. आज तिथे ठाण्याचा तुरुंग आहे. बेलापूर पडले ते याच मोहिमेत. गंमत पाहा, त्याच सुमारास थोरले बंधू बाजीराव थेट दिल्लीच्या वेशीवर जाऊन धडकले होते.

वसई

ठाणे गेले, साष्टी गेली, तरी वसई उभी होती. वसईचा कोट ज्यांनी पाहिला असेल त्यांना सांगायला नको. तीन बाजूंना पाणी आणि दलदल, चौथ्या बाजूला दगडी तट आणि त्यावर तोफा. पहिल्या खेपेला यश आले नाही. १७३९ च्या आरंभी माहीम, तारापूर अशी उत्तरेकडची ठाणी घेत आप्पा स्वतः खाली आले. तारापूर घेताना बाजी भिवराव रेठरेकर हा मोलाचा सरदार कामी आला. फेब्रुवारीत वसईला वेढा पडला.

वेढा म्हणजे काय, हे शेतकऱ्याला पटकन कळेल. पाऊस कधी येणार याच्यावर सगळा डोळा. मृग लागला की कोकणात फौज राहू शकत नाही, दारू भिजते, वाट चिखलात जाते, रसद तुटते. आतल्या फिरंग्यांचा भरवसा पावसावर, बाहेरच्या मराठ्यांना धास्ती पावसाची. तटाखाली सुरुंग खणायचे, वरून दगड, तेल आणि पेटते गोळे पडत राहायचे, खणलेले सुरुंग शत्रू पुन्हा बुजवायचा. मल्हारराव होळकर आणि राणोजी शिंदेही येऊन मिळाले. माणसे हजारांनी पडली.

इथे एक आख्यायिका सांगतात. वेढा लांबला तेव्हा आप्पा चिडून म्हणाले म्हणे, की मला जिवंतपणी किल्ल्यात जाता येत नसेल तर माझे डोके तोफेने आत उडवून द्या, तेवढे तरी आत पडेल. बोलले असतील किंवा नसतील. पण सैन्याला त्यांचा तो निर्धार दिसला असला पाहिजे. मे महिन्यात सुरुंग उडाले, तटाला खिंडार पडले, दोन-तीन दिवस हातघाईची लढाई झाली आणि १६ मे १७३९ रोजी फिरंग्यांनी तहाचे निशाण दाखवले. पावसाला जेमतेम तीन आठवडे उरले होते.

वाचकहो, आता थांबून विचार करा. समोर हरलेला शत्रू आहे. त्याने आपली हजारो माणसे मारली आहेत. फौज संतापलेली आहे. अशा वेळी आप्पांनी काय केले? फिरंगी शिपायांना हत्यारांसह, नगारे वाजवत, निशाणे फडकवत बाहेर पडू दिले. बायकामुलांना आणि नागरिकांना त्यांची चीजवस्तू घेऊन जायला आठ दिवसांची मुदत दिली. ज्यांना मागे राहायचे असेल त्यांना आपल्या धर्माने राहण्याची मोकळीक ठेवली. आणि शब्द दिला तसा पाळला. २३ मे रोजी किल्ल्यावर जरीपटका चढला.

लूट झालीच नाही असे म्हणत नाही. चर्चच्या घंटा मराठ्यांनी विजयाची खूण म्हणून नेल्या. त्यांतल्या काही आजही आपल्या देवळांत वाजतात. नाशिकच्या नारोशंकराच्या देवळातली घंटा १७२१ सालची, भीमाशंकरलाही अशीच एक घंटा आहे. पण माणसांना दिलेला शब्द मोडला नाही. वसईच्या पट्ट्यातली ख्रिस्ती शेतकरी कुटुंबे आजही तिथे आहेत, मराठीचीच बोली बोलतात, केळी आणि फुले पिकवतात. वसईची सुकेळी ज्यांनी खाल्ली असतील त्यांनी आठवण ठेवावी.

मीठ, बांध आणि कौल

आता शिंगेनला पुन्हा बोलावू. त्याच्या प्रांताला समुद्र नव्हता, हे वर सांगितलेच. समुद्र नाही म्हणजे मीठ नाही. १५६७ च्या सुमारास किनाऱ्याकडच्या सरदारांनी त्याचे मीठ अडवले. आपल्याकडे गुराढोरांना, लोणच्याला, सुक्या मासळीला मीठ नसेल तर घर कसे चालेल? तिकडेही रयत हवालदिल झाली. तेव्हा म्हणे हाडवैरी केनशिनने आपल्या किनाऱ्यावरचे मीठ त्याच्याकडे जाऊ दिले. वैर तुझ्याशी आहे, तुझ्या रयतेच्या ताटाशी नाही, असा त्याचा भाव. ही कथा जपानात आजही सांगतात. तिकडच्या मात्सुमोतो गावात दर जानेवारीत जत्रा भरते ती त्या मिठाची आठवण म्हणून. मिठाची जत्रा होता होता आता ती मिठाईची झाली आहे.

बेलापूरच्या माणसाला मिठाचे मोल सांगायला नको. इथला मूळचा आगरी समाज म्हणजे आगरात राबणारा. खाडीकाठी मिठागरे, त्याच्या आत खारबांध आणि बांधाच्या आत भात. भरतीचे पाणी बांध फोडून आत शिरले की खाचर खारे होते आणि पुढची दोन-तीन वर्षे भात धरत नाही. म्हणून बांध हा खाडीकाठच्या शेतकऱ्याचा खरा किल्ला. तो दर वर्षी चिखल घालून चढवावा लागतो, खेकड्यांची बिळे बुजवावी लागतात, उघाडीची फळी वेळेवर पाडावी लागते. हे काम एकट्याचे नाही, साऱ्या गावाचे.

शिंगेन लढवय्या म्हणून गाजला, पण त्याच्या मुलखात आज त्याचे नाव घेतात ते एका बांधासाठी. कामानाशी नावाची नदी दर पावसाळ्यात शेती वाहून नेई. त्याने तिच्या पाण्याचा जोर मोडणारे बांध घातले. १५६० मध्ये त्याने फर्मान काढले, की या बांधाजवळ जो कोणी घर करून राहील त्याला घरपट्टी माफ. लोक राहायला आले, की त्यांच्या वावराने बांध तुडवला जातो, पक्का होतो आणि फुटला तर लगेच कळते. तिकडे एप्रिलमध्ये देवाची पालखी निघते, ती खांद्यावर घेणारे लोक आजही त्या बांधावर पाय आपटत चालतात.

हे वाचून तुम्हाला काही आठवले का? आपल्याकडे यालाच कौल म्हणत. मुलूख लढाईने ओस पडला, की मराठी कारभारात रयतेला कौल देऊन परत बसवायचे. पहिल्या वर्षी सारा नाही, दुसऱ्या वर्षी थोडा, मग दर साल चढता, असा इस्ताव्याचा हिशोब. खाडीकाठी जो कोणी खार बांधून जमीन काढील त्याला त्या जमिनीत हक्क. ठाणे-कुलाब्याकडे अशा बांध घालणाऱ्यांना शिलोत्रीदार म्हणत. बांध राखायचा त्यांनी, त्याबद्दल कुळांनी त्यांना ठरलेले भात द्यायचे. वसई घेतल्यावर शंकराजी केशव फडके सरसुभेदार झाले आणि नव्या कारभारालाही हेच करावे लागले. पळालेली रयत परत आणायची, पडीक पुन्हा लागवडीला आणायचे. तोफेने किल्ला मिळतो, पण त्या मुलखाचे भात कौलाशिवाय मिळत नाही.

अर्थात, राज्य बदलले म्हणून कुणब्याचे सगळे दुःख फिटले, असे मी सांगणार नाही. सारा द्यावा लागतच होता, वेठही होतीच. पण कौल दिला तर तो कागदावर असे आणि कौल मोडला की रयत दुसऱ्याच्या मुलखात उठून जाई. शब्दाला म्हणून किंमत होती.

तेहेतीस वर्षांचे आयुष्य

वसईनंतर आप्पांना विश्रांती मिळाली नाही. घरात मस्तानीच्या प्रकरणाने कलह माजला. त्यात आप्पा घरच्यांच्या बाजूने उभे राहिले आणि जिवाभावाच्या भावाचे मन दुखावले. दोघांनी मिळून निजामाच्या मुलावर एक मोहीम केली, तीच शेवटची. २८ एप्रिल १७४० रोजी नर्मदेकाठी रावेरखेडीला बाजीराव वारले. त्या वेळी आप्पा आणि पुतण्या नानासाहेब कुलाब्याला आंग्र्यांचा तंटा मिटवत होते. तिथेच त्यांना ही बातमी कळली.

आता खरी परीक्षा. पेशवेपद मोकळे झाले होते. आप्पांचा अनुभव वीस वर्षांचा, वसईचा विजय ताजा. पुतण्या अवघा एकोणीस वर्षांचा. शिंगेनने सत्तेसाठी बापाला घालवले होते, जगभर असेच चालत आले आहे. आप्पांनी पुतण्याचा हात धरून त्याला साताऱ्याला नेले आणि शाहू महाराजांकडून त्याला पेशवाईची वस्त्रे देवविली. थोरल्या भावाच्या घराशी त्यांची निष्ठा होती, ती भाऊ गेल्यावरही तुटली नाही. त्याच साली १७ डिसेंबरला आप्पा गेले. वय तेहेतीस. भाऊ गेल्यावर आठ महिनेही काढले नाहीत. पुण्यात मुठेच्या काठी ओंकारेश्वराच्या देवळापाशी त्यांची समाधी आहे. पुण्याला गेलात तर पाहून या.

त्यांनी जिंकलेली साष्टी पुढे सुमारे सदतीस वर्षे मराठ्यांकडे राहिली. १७७४ च्या डिसेंबरात इंग्रजांनी ठाणे घेतले. बेलापूरही शेवटी १८१७ साली इंग्रजांकडे गेले आणि त्यांनी किल्ल्याची बरीच मोडतोड केली. शिंगेनचेही तसेच. तो १५७३ मध्ये वारला आणि नऊच वर्षांत, १५८२ मध्ये त्याचे घराणे नामशेष झाले. किल्ले कुणाचेच राहिले नाहीत.

आणि बेलापूर? १७ मार्च १९७० रोजी सिडकोची स्थापना झाली आणि नवी मुंबईसाठी ठाणे, पनवेल आणि उरण या तालुक्यांतल्या ९५ गावांच्या जमिनी घेण्याचे ठरले. खार जमिनी, मिठागरे, भातखाचरे गेली. मोबदल्यावरून असंतोष वाढला. १९८४ च्या जानेवारीत दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली उरणकडे मोठे आंदोलन झाले. गोळीबार झाला, पाच जण हुतात्मा झाले. त्यानंतर जमीन गेलेल्यांना साडेबारा टक्के विकसित भूखंड देण्याची योजना आली. हाही एक प्रकारचा कौलच. तो किती जणांच्या हाती वेळेवर पडला, हे त्या ९५ गावांतल्या घराघरात विचारावे.

म्हणून वाचकहो, मुलांनी पुन्हा सामुराईची गोष्ट काढली तर त्यांना नुसत्या तलवारी मोजायला शिकवू नका. सरदाराने हरलेल्याला काय शब्द दिला, रयतेला काय कौल दिला, भावाच्या पोराशी कसा वागला आणि हे सगळे पाळले की नाही, ते विचारायला शिकवा. हा हिशोब आजच्या सरदारांनाही लागू आहे.

आणि एक काम घरी करा. तुमच्या गावचा बांध, तळे, पाट किंवा विहीर कुणी आणि कोणत्या अटीवर बांधली, हे घरातल्या म्हाताऱ्या माणसांना विचारून वहीत उतरवून ठेवा. पेटीत जुने मोडी कागद असतील तर ते वाळवीच्या तोंडी देऊ नका. कोरड्या जागी फडक्यात बांधून ठेवा आणि मोडी जाणणाऱ्याकडून वाचून घ्या. त्यांत एखादा कौल निघाला, तर तो तुमच्या घराचा किल्लाच समजा.